टिंगू खारीचा डाव

२ ऑगस्ट १९९२, रविवार
आमच्या केशरचा मामा, लखू, गोव्याहून आला. भाचीसाठी हातात मावेल एवढा व्हिडिओ गेम आणलाय. रविवारी टीव्हीवर 'टिंगू खार' कार्टून लागतं, तीच खार यात. झाडावरून जांभळं पडतात, तिनं टोपलीत झेलायची. केशर घरभर नाचली. पण आठ वर्षांच्या पोरीच्या हातात असलं नाजूक यंत्र एकदम देणं बरं नव्हे. आधी मी तपासतो. दहा मिनिटं.

३ ऑगस्ट
तपासणी चालू. रामनगरात माझ्याइतका बोटांवर कंट्रोल असलेला दुसरा टेलर दाखवा. तरी जांभळं सुटतात. बटणं कडक आहेत. ती जरा मऊ करूनच पोरीला गेम द्यावा. तिनं विचारलं, "अप्पा, माझा डाव कवा?" उद्या म्हटलं.

५ ऑगस्ट, दुपार
नियम: गेम फक्त जेवणानंतर.

त्याच दिवशी, चार वाजता
चहाबरोबर चिवडा होता. म्हणजे जेवणच.

९ ऑगस्ट, रविवार
टिंगू टीव्हीवर यायला आणि लाइट जायला एकच गाठ पडली. केशरनं गेम मागितला. मी नेमका हाय स्कोअरच्या जवळ. उद्या म्हटलं. ती दारात जाऊन बसली. वाईट वाटलं. त्या नादात दोन जांभळं गेली.

१४ ऑगस्ट
चतुर्थीचे कपडे तुंबलेत. गुणाक्काच्या झंपराला दोन्ही बाह्या उजव्या लागल्या. तिनं दुकानात उभं राहून माझा उद्धार केला. घरी तारा म्हणाली, "पोरीचं हाय ते पोरीला द्या. न्हाईतर मी हिरीत टाकते बघा." बायकोला टेक्नॉलॉजी कळत नाही, त्याला माझा इलाज नाही.

१९ ऑगस्ट
खार फिकट झाली. सेल उतरले. हे गोळीएवढे सेल इथं मिळत नाहीत, बेळगावला घड्याळवाल्याकडे जावं लागतं. पावसानं रस्त्यात झाड आडवं, बस बंद. केशरला सांगितलं, टिंगू आजारी आहे. ती म्हणाली, "मग तिला निजू द्या की अप्पा."

२० ऑगस्ट, सकाळ
सुचलं! बॅटरीचे सेल उतरले की आपण उन्हात ठेवतो. पुन्हा चार दिवस चालतात. सगळा गाव करतो. ऊन नाही, पण ऊब ती ऊबच. चुलीवरच्या फळीवर, आमसुलांच्या शेजारी ठेवावा. सेल काढायला बारीक स्क्रू-ड्रायव्हर नाही. म्हणून अख्खा गेमच ठेवला.

संध्याकाळ
पडदा तव्यासारखा काळा. एक कोपरा वाकलाय. गार झाला की येईल.

२२ ऑगस्ट
गार झाला. आला नाही. देवापुढं ठेवलाय.

२५ ऑगस्ट
केशरला सांगितलं. माझ्याकडं कारणं भरपूर होती: पाऊस, सेल, कंपनीचं प्लास्टिक. ती रडली असती तर एखादं चाललं असतं. रडली नाही. गेम हातात घेतला, बटणं दाबून बघितली. खूप मऊ होती. "मी एकदाबी खेळले न्हाई," एवढंच म्हणाली. मला तोंड वर करवेना.

२८ ऑगस्ट
नियम: बस सुरू झाली की बेळगाव. नवा गेम. त्याला मी हातही लावणार नाही. फार तर तपासणी.

३० ऑगस्ट, रविवार
उद्या चतुर्थी. मामा यायचाय. त्याला काय सांगायचं ते अजून जुळत नाही.

केशरनं स्वतःच गेम केलाय. स्टुलावर उभी राहून ती चिंचोके टाकते, खाली दुसऱ्यानं करवंटीत झेलायचे. तीन सुटले की आउट. शेजारची फुला बराच वेळ खेळली. मग केशरनं मला हाक मारली. मी मागितलंही नव्हतं, तरी डाव दिला.

लगेच आउट झालो. करवंटी लहान होती. आणखी एक डाव मागितला.

"उद्या," केशर म्हणाली.