टेकडीवरच्या गिरजाघराची मापं

३ सप्टेंबर १९५६, सोमवार

त्याच टेकडीवर मला पाठवतायत! साऱ्या ऑफिसात दुसरा नक्शानवीस नाही का?

आज साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. एक नोव्हेंबरला मध्यभारत संपणार, राजधानी भोपाळला जाणार. त्याच्या आत दरबारनं बांधलेल्या जुन्या इमारतींचे नकाशे आणि अहवाल तयार हवेत. कोणाला राजघराण्याच्या समाध्यांवरच्या छत्र्या मिळाल्या, कोणाला घाट. माझ्या वाट्याला टेकडीवरचं गिरजाघर. "दीड महिना काफी है, सूर्याजीराव?" मी हो म्हटलं. नोकरीत दुसरं काय म्हणतात?

सात वर्षं मी त्या टेकडीकडे मान वर करून पाहिलेलं नाही. कंपूकडे, छावणीत जायचं झालं तर सायकल दुसऱ्या गल्लीनं घालतो.

४ सप्टेंबर

ही वही कोणी वाचणार नाही. तेव्हा लिहूनच टाकतो.

पद्मा, माझी एकुलती मुलगी. तिचं लग्न त्या गिरजाघरात झालं, एकोणपन्नासच्या फेब्रुवारीत. नवरा आग्नेल – दरबारच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवणारा, मूळचा गोव्याकडचा ख्रिश्चन. आम्ही मराठे. आजोबा तोफखान्यात होते, दसऱ्याला घरात अजून तलवार पुजतो. मी लग्नाला गेलो नाही. त्या दिवशी तिच्या नावानं आंघोळ केली आणि बायकोला, शांताला बजावलं – या घरात ते नाव पुन्हा निघायचं नाही.

निघालं नाही. गेल्या वर्षी जानेवारीत शांता गेली. जातानाही तिनं ते नाव घेतलं नाही. माझा शब्द पाळून गेली.

६ सप्टेंबर

चढलो. दोनशे अकरा पायऱ्या. दोनदा बसावं लागलं.

वर कोण असेल हे ठाऊक होतं. आग्नेलचे वडील, कायतान मास्तर. पूर्वी बँडमास्तर. संस्थान विलीन झालं, फौज हिंदी लष्करात गेली, बँड मोडला. आग्नेलला कामठीला लष्करी बँडमध्ये जागा मिळाली, तो पद्माला घेऊन तिकडे गेला. म्हातारा इथंच राहिला, गिरजाघराच्या किल्ल्या सांभाळत.

आम्ही एकमेकांना पाहिलं. नमस्कार नाही, काही नाही. मी ऑफिसचं पत्र पुढे केलं. त्यांनी चष्मा लावून सबंध वाचलं, दार उघडलं आणि टेपचं दुसरं टोक धरलं. दुपारपर्यंत आकड्यांखेरीज एक शब्द नाही.

आतून लांबी अठ्ठावन्न फूट, रुंदी चोवीस. खांब दहा.

१० सप्टेंबर

पश्चिमेच्या भिंतीला भेग आहे. घंटेच्या मनोऱ्याखालून निघते ती खिडकीपर्यंत उतरते. बोट जातं आत.

खरं लिहितो – भेग पाहून मला आनंद झाला.

१२ सप्टेंबर

भेगेवर तीन ठिकाणी काचेच्या पट्ट्या चुन्यात बसवल्या. महिन्यानं पाहायचं. भिंत हलत असेल तर काच तडकेल.

आज मास्तर बोलले. मीच विचारलं होतं – खांबांच्या पायथ्याशी ही कमळं कशी? गिरजाघरात कमळ!

त्यांच्या आजोबांच्या वेळची गोष्ट. दरबारनं बँडसाठी गोव्याहून तीस-चाळीस माणसं आणली. कंपूत तंबूत राहायची, तंबूतच प्रार्थना करायची. मग दरबारनं ही टेकडी दिली. पाद्रीबाबांनी विलायतेहून नकाशा मागवला – उतरतं छप्पर, टोकदार कमानी, रंगीत काचा. दगड घडवायला आपले इथलेच संगतराश, पाथरवट. त्यांच्या उस्तादानं नकाशा उलटा-सुलटा करून पाहिला नि म्हणाला, "पाद्रीजी, उतरतं छप्पर कशाला? आपल्या खाणीतून बारा-बारा फुटांची दगडी पटिया निघते." छत सपाट झालं. रंगीत काचांऐवजी जाळ्या आल्या. भिंतींना छज्जा आला. घंटेचा मनोरा तर हुबेहूब छत्रीच – वर तेवढा क्रूस. खांबांना कमळं दिसली तेव्हा पाद्रीबाबा चिडले. उस्ताद म्हणाला, "खंबे का पाँव नंगा नहीं छोड़ते, साहब. हमारे यहाँ ऐब मानते हैं."

मास्तर हसले. मीही हसलो असतो. वेळेवर खाली बघितलं.

१३ सप्टेंबर

चौतीस वर्षं नकाशे काढतोय. इतकं सच्चं काम क्वचित पाहिलं. दगडाचा सांधा नखाला लागत नाही. सकाळी दहाला पूर्वेच्या जाळीतून ऊन आत येतं आणि फरशीवर सबंध जाळी उमटते. आज तिथंच उभा राहिलो, पेन्सिल हातात तशीच. पद्मा इथनंच चालत गेली असेल. कोणाच्या हाताला धरून? बाप तर नव्हता.

१९ सप्टेंबर

पाऊस. काम नाही.

२८ सप्टेंबर, शुक्रवार

आज अविधवा नवमी. शांताचं श्राद्ध. माझी बहीण उषाताई आता माझ्याकडेच असते, तिनंच सगळं केलं. सवाष्ण जेवायला बसवली. पान वाढता वाढता उषाताई म्हणाली, "दादा, आज वहिनीची लेक हवी होती इथं." मी पानावरून उठलो. सवाष्णीसमोर! फार वाईट वागलो.

संध्याकाळी एकटाच बसलो होतो. शांता दर शुक्रवारी मांढऱ्याच्या देवीला जायची. उन्हाळा असो, थंडी असो. ताप असताना एकदा अडवलं तर म्हणाली, "देवीनं बोलावलंय, जायलाच हवं." एवढा नवस कसला म्हणून मी कधी विचारलं नाही.

५ ऑक्टोबर, शुक्रवार

रात्र फार झालीय. तरी लिहितो.

महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी झाशीहून फादर येतात, प्रार्थना असते. मला माहीत नव्हतं. वर गेलो तर आत नऊ माणसं – मी मोजली. शंभर-सव्वाशेंसाठी बांधलेलं गिरजाघर, नि नऊ माणसं! बँड मोडल्यावर बाकीचे कुठे कुठे गेले – कोणी अजमेर, कोणी मुंबई. मी बाहेर ओट्यावर थांबलो.

फादर उतरून गेल्यावर मास्तर बाहेर आले. म्हणाले, "बाईसुद्धा इथंच बसायच्या."

"कोण बाई?"

"तुमच्या बाई. शांताबाई. आत कधी आल्या नाहीत. म्हणायच्या, यांचा शब्द मोडायचा नाही. इथं ओट्यावर बसायच्या आणि मी पद्माची पत्रं वाचून दाखवायचो. दर महिन्याचा पहिला शुक्रवार. बाकीचे शुक्रवार देवीचे."

पद्मा! सात वर्षांनी ते नाव माझ्यासमोर कोणीतरी मोठ्यानं उच्चारलं.

शांताला लिहिता-वाचता येत नव्हतं. शिकवीन म्हणालो होतो लग्नाच्या वर्षी. राहून गेलं. लेकीचं पत्र ऐकायला ती दोनशे अकरा पायऱ्या चढायची – ते गुडघे घेऊन! घरी येऊन माझ्यासाठी भाकरी थापायची आणि मी ताटावर बसून वर्तमानपत्र वाचायचो.

मी विचारलं, "पत्रांत काय असायचं?"

"हेच. काय शिजवलं, शेजारी कोण आलं, आग्नेलला बढती मिळाली. वाचू एखादं?"

"नको," म्हटलं. का म्हटलं नको? मग पायऱ्या उतरता उतरता, पाठमोराच, विचारलं, "बरी आहे ना?"

मास्तर म्हणाले, "अंधार पडेल, सांभाळून उतरा." त्यांचाही राग असणारच. का नसावा?

६ ऑक्टोबर

उषाताईला सांगितलं. ती म्हणाली, "मला ठाऊक होतं." सगळ्यांना ठाऊक होतं. माझ्याच धाकापायी सगळे गप्प.

१२ ऑक्टोबर

तिन्ही पट्ट्या शाबूत. भेग जुनी आहे, पाया बसताना कधीतरी पडलेली. तेव्हापासून हललेली नाही. आणखी शंभर वर्षं या इमारतीला काही होत नाही.

मास्तरांना सांगितलं. ते आत गेले नि बराच वेळ बाहेर आले नाहीत.

१६ ऑक्टोबर

साहेबांनी अहवाल मागितला. भेगेचं नि नऊ माणसांचं मीच मागे बोलून गेलो होतो. वाचण्याआधीच म्हणाले, "भेग आहे ना? मग 'धोकादायक' लिहा. टेकडीवर पाण्याची टाकी घ्यायची आहे. नऊ माणसांसाठी एवढी मोक्याची जागा अडवून ठेवायची का?"

मी म्हटलं, साहेब, काच तडकलेली नाही.

"सूर्याजीराव, काच कोण बघायला जातंय? भोपाळची यादी माझ्याकडेच आहे. तुमचं नाव आहे तीत. कटवा सकता हूँ. विचार करा."

अहवाल परत घेऊन आलो.

१७ ऑक्टोबर

इथल्याच माधवगंजात जन्मलो. चोपन्न वर्षं झाली. नोकरीचं एकच वर्ष उरलंय. भोपाळात ओळखीचं कुत्रंसुद्धा नाही. उषाताईला दमा – तिला कुठं नेऊ?

एक शब्द लिहायचाय. फक्त एक.

महिन्याभरापूर्वी सांगितलं असतं तर हसत लिहिला असता!

१८ ऑक्टोबर

लिहिलं – "इमारत मजबूत. भेग जुनी व स्थिर. पाडण्याचे कारण दिसत नाही." खाली सही. नकाशाची सातही पानं जोडली. कमळांचं वेगळं पान केलं, कोणी मागितलं नव्हतं तरी.

साहेबांनी वाचलं. "ठीक है," एवढंच म्हणाले.

२२ ऑक्टोबर

भोपाळच्या यादीत माझं नाव पहिलं. एकतीस तारखेची गाडी. उषाताई झाशीला तिच्या दिरांकडे जाईल म्हणते.

गिरजाघराचा कागद मात्र वरपर्यंत गेला आणि मंजूर झाला! टाकी आता दुसऱ्या टेकडीवर. बडेबाबूंनी, आमच्या हेडक्लार्कांनी, हळूच कानात सांगितलं. ऑफिसात खोकी भरणं चाललंय – फायली, नकाशे, शाईच्या बाटल्या. दरबारच्या वेळचे शिक्के एका पोत्यात टाकलेत.

२५ ऑक्टोबर

वर जाऊन मास्तरांना बातमी दिली. त्यांनी माझे दोन्ही हात धरले. आम्ही व्याही. सात वर्षांत पहिल्यांदा शिवलो एकमेकांना.

चहा केला त्यांनी. मी प्यालो.

२८ ऑक्टोबर, रविवार

पत्र लिहायला बसलो. 'चि. पद्मास' – त्यापुढे दुपार गेली. चार कागद फाडले. माफी माग म्हटलं तर बापाला ती भाषाच येत नाही. शेवटी सरळ लिहिलं: तुझी आई गेली, तुला कळलं असेल. मी चुकलो. दिवाळीच्या सुट्टीत भोपाळहून कामठीला येतो. दारात उभं केलंस तर एक दिवस राहीन, नाही केलंस तर बघून परत जाईन.

उषाताईनं वाचलं नि डोळ्याला पदर लावला. म्हणाली, "दादा, एवढ्याला सात वर्षं?"

२९ ऑक्टोबर

बाजारात जाऊन चंदेरी साडी घेतली. अंजिरी रंग. पद्माला आवडायचा – अजून आवडत असेल? आता बत्तीस वर्षांची बाई झाली असेल. उद्या मास्तरांकडून पत्ता घ्यायचा, पत्र टाकायचं, सामान बांधायचं. फार दिवसांनी भूक लागली आज.

३० ऑक्टोबर, मंगळवार

पद्मा नाही.

मास्तर पत्ता लिहायला बसले आणि पेन खाली ठेवून त्यांनी सांगितलं. त्रेपन्नच्या मे महिन्यात गेली, कामठीला, पहिल्या बाळंतपणात. मूलही वाचलं नाही.

मी म्हटलं, शांता तर चोपन्नच्या डिसेंबरपर्यंत येत होती. मग ती पत्रं?

"मीच लिहायचो. तार आली त्याच आठवड्यात बाई आल्या. धापा टाकत ओट्यावर बसल्या नि म्हणाल्या, वाचा ना मास्तर. मला सांगायचंच होतं. तोंडच उघडेना. जुनं एक पत्र काढून वाचलं. मग पुढच्या महिन्यात काय वाचणार? लिहायला लागलो. मुलगा झाला लिहिलं. दात आले लिहिलं. चालायला लागला लिहिलं."

नातवाचं नाव पत्रात त्यांनी सूर्याजी ठेवलं होतं.

"बाई फार हसल्या त्या दिवशी," मास्तर म्हणाले.