माझ्या मरणाची पाटी

मार्शगेट, लिंकनशायर
८ मार्च १८२४

तीर्थरूप हॅरिएटताईस,

अजून जिवंत असलेल्या धाकट्या भावाचा नमस्कार. तुझे गुडघे आणि भाऊजींचं पोट ठीक असेल अशी आशा करतो. ‘अजून जिवंत’ हे मुद्दाम लिहिलंय, कारण आमच्या घरात त्याबद्दल दोन मतं आहेत.

मंगळवारी बग्गी रंगवायला पेल रंगाऱ्याकडे गेलो, तर तिथे आपल्या घराण्याची ढाल रंगवलेली चौकोनी पाटी, टोकावर उभी केलेली. मी खूश (मी लवकर खूश होतो, हे तू लहानपणापासून ऐकवतेस). पेल मात्र घाईघाईने तिच्यावर पोतं टाकायला लागला. तेव्हा डोक्यात उजेड पडला. बाबा गेले तेव्हा वर्षभर दारावर टांगली होती तसलीच ही मरणाची पाटी, हॅचमेंट! पाद्री क्रॉफ्टना गाठलं. ते म्हणाले, मूळ शब्द ‘अचीव्हमेंट’, म्हणजे पराक्रम. लोकांच्या तोंडी झिजून एवढाच उरला. म्हणजे पंचावन्न वर्षांत माझा पराक्रम एकच, आणि तोही अजून व्हायचाय. पाटीवर नवऱ्याची बाजू काळी, बायकोची पांढरी. अर्थ सरळ आहे: नवरा वारला, बायको मागे आहे.

आणि ही करायला सांगितली कोणी? माझ्याच बायकोने, डॉर्कसने! खाली लॅटिनमध्ये ‘मी पुन्हा उठेन’ लिहायची पद्धत आहे, तीही ओळ तिने गाळायला सांगितली. ताई, मेलो तर मेलो, पण ही बाई मला पुन्हा उठूही देत नाही.

तेव्हापासून माझं तिच्यावर बारीक लक्ष आहे. तिच्या हातचं सूप मी गुपचूप कुत्र्याला घालतो (कुत्रा गुटगुटीत झालाय, पण काही विषं सावकाश चढतात म्हणे). काल तर चाव्यांचा जुडगा घेऊन कुठली चावी कशाची हे मला तासभर समजावत बसली. यातही काहीतरी डाव असणार.

तुझा सावध भाऊ,
अ‍ॅम्ब्रोज

ता. क. पत्र बंद करण्याआधी पेलला जाऊन दम भरला. त्याने भिंतीकडे तोंड करून ठेवलेली दुसरी पाटी वळवली. तिच्यावर बायकोची बाजू काळी, माझी पांढरी. रंग केव्हाच वाळलेला. पेल खाली बघत म्हणाला, “बाईसाहेबांनी ही आधी मागितली, साहेब. तुमची मागाहून, सवडीने. तिच्यावर बाईसाहेबांची बाजूही काळीच करायचीय, ती तेवढी रंगवायची राहिलीय.”

पुन्हा ता. क. मोलकरणीने आत्ता कबूल केलं. हिवाळ्यापासून डॉर्कसच्या रुमालावर रक्त पडतंय आणि ते रुमाल ती स्वतःच धुते. मला एका शब्दाने बोलली नाही. तुझ्या डॉक्टर हॅलमना आजच्या आज पाठव. मीच आजारी आहे असं सांग, नाहीतर ती त्यांना उंबऱ्याच्या आत घेणार नाही. मी अंथरुणात शिरून कण्हायला लागतो. ताई, मी फार घाबरलोय, कण्हणं सहज जमेल.