हर्षालीचा खण

प्रिय ज्योत्स्ना,

सगळ्यांच्या आधी टपकली ती शेजारची चांगुणाच, दुसरं कोण येणार! हातात रिकामी वाटी, म्हणे विरजण द्या. अगं, तिच्या गोठ्यात दोन दुभत्या म्हशी आणि विरजण माझ्याकडे? आमच्या दारात पांढरी गाडी वळताना तिने ओट्यावरून पाहिली आणि गाडीतली माणसं उतरायच्या आत ही उंबऱ्यात हजर. बसली ती बसलीच. चहा दोन वेळा प्याली. विरजण मात्र न घेताच गेली, वाटी अजून माझ्याच फडताळात आहे.

गाडीतून उतरल्या त्या भागीबाई आणि त्यांची सून शुभांगी. तू त्यांना ओळखत नाहीस. गोरक्षच्या सासुरवाडीकडचं, तुझ्या वहिनीच्या माहेरचं, लांबचं नातं आहे, आग्रा रोडला त्यांचा ढाबा चालतो. बाई अंगापिंडाने दणकट, कपाळाला रुपयाएवढं कुंकू, आणि आवाज असा की आपली मांजर जी चुलीमागे पळाली ती संध्याकाळीच दिसली. मला वाटलं गोरक्षकडे काम असेल. तो पुढे झाला तर म्हणतात कशा, मला तुमच्याशी नाही बोलायचं, कांद्याच्या मालकिणीशी बोलायचंय. कुठे आहेत त्या? आणि मालकीण म्हणजे कोण, तर तुझी हर्षाली! शाळेच्या गणवेशात, एका पायात चप्पल, दुसरी कुत्र्याने नेलेली.

थांब, आधीचं सांगायला हवं, नाहीतर तू म्हणशील आई नेहमीसारखी शेवटाकडून सुरू करते. फोनवर हे सगळं सांगता आलं असतं, पण फोनवर तू बरं बरं म्हणून ठेवून देतेस, आणि इथे बोललेलं पोरीला ऐकू जातं. तशी मी चौथी पास, काना-मात्रा चुकेल तिथे समजून घे. गोरक्ष उद्या नाशिकला येतोय, त्याच्याच खिशात हे पत्र देते.

जूनमध्ये तू तिला इथे सोडून गेलीस तो दिवस आठव. बसमधून उतरल्यापासून तू तिच्याशी बोलत नव्हतीस. तुझ्या फोनमधून तिने चार महिन्यांत अकरा हजार उडवले, मैत्रिणींना केक, हिला कानातलं, तिला पिझ्झा. तू तिची बॅग माझ्या ओट्यावर ठेवलीस आणि म्हणालीस, हिच्या हातात दमडी द्यायची नाही, दिवाळीपर्यंत बघते.  पोरगी पहिले आठ दिवस माझ्याजवळ भिंतीकडे तोंड करून झोपायची. मग एकदा हळूच म्हणाली, आजी, मी दिलं नसतं तर त्या माझ्याशी बोलल्या नसत्या. चौदा वर्षांचं लेकरू, आणि माणसं विकत घ्यायला निघालेलं. मला दुसरंच कुणीतरी आठवलं. कोण ते पुढे लिहिते.

तुझ्या बयाआजीची रीत तुला माहीत आहे. घरातल्या मुलाला चौदावं लागलं की कांदा साठवायच्या चाळीतला शेवटचा छोटा खण त्याचा. त्यातला कांदा त्याने राखायचा, त्याने निवडायचा, कधी आणि कुणाला विकायचा ते त्यानेच ठरवायचं. मोठ्यांनी विचारल्याशिवाय एक शब्द बोलायचा नाही. म्हातारी म्हणायची, तुमची अक्कल तुमच्याजवळ ठेवा, त्याची त्याला उगवू द्या. मी हर्षालीला चाळीत नेलं आणि म्हटलं, हा खण तुझा. चार क्विंटल माल आहे. गोरक्षने माझ्याकडे असं पाहिलं जसं मी घरच बक्षीस दिलंय. म्हणाला, आई, रीत मुलग्यांची आहे. मी म्हटलं, रीत माझ्या सासूची आहे, आणि सासू गेल्यावर सासू मीच. 

आता तुझ्या शहरातल्या लेकीने काय केलं असेल ते ओळख बघू. जुलैत झड लागली. चाळीच्या बाजूच्या पट्ट्यांमधून शिंतोडे आत येताना तिला दिसले. जीव कळवळला तिचा. राखी पौर्णिमेच्या राख्यांसाठी मामीने दिलेले तीनशे रुपये जपून ठेवले होते, ते घेऊन देवळ्याच्या दुकानातून निळा प्लास्टिकचा कागद आणला आणि आपला खण चारही बाजूंनी असा आवळून बांधला की वारा म्हणून शिरू नये. बाळंतिणीला सुद्धा कुणी एवढं गुंडाळत नाही! वर मला दाखवायला घेऊन गेली, बघ आजी, आता एक थेंब जाणार नाही.

आपल्याकडच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे की कांद्याला पाण्यापेक्षा कोंडलेली वाफ मारते. वारा लागावा म्हणून तर चाळीला भिंती नसतात. पण ज्योत्स्ना, मी बोलले नाही. तोंडात पदर धरला. गोरक्ष तीनदा कागद सोडायला निघाला आणि तीनदा मी त्याला सदऱ्याला धरून मागे ओढलं. तो चिडून म्हणाला, डोळ्यांदेखत माल कुजवतेस. मी म्हटलं, तुझाही कुजला होता. तेव्हा त्याला आठवलं. चौदाव्या वर्षी भाव वाढेल वाढेल म्हणून हा कार्तिकापर्यंत खण धरून बसला आणि शेवटी कोंब फुटलेला कांदा गुरांपुढे टाकला होता. दोन दिवस जेवला नव्हता. आज तालुक्यात कुणी त्याला व्यवहारात फसवू शकत नाही ते त्या कोंबांमुळेच.

दहाव्या दिवशी वास सुटला. हर्षालीने कागद सोडला तर खालून पाणी गळत होतं. हात घातला की बोटं आत जायची. रडली नाही, बोटं कागदाला पुसली. मग माझ्याकडे वळून विचारलं, आजी, तुला माहीत होतं? मी हो म्हटलं. खोटं कशाला बोलू? दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. माझ्या हातची भाकरी खायची, पण मामीने वाढली तर. तुला खरं सांगते, त्या दोन दिवसांत मला सासूचा लय राग आला.

तिसऱ्या दिवशी शाळेतून आली, दप्तर टाकलं आणि थेट गोरक्षपुढे जाऊन उभी राहिली. मामा, चाळीला भिंत का नसते? बस, तो एक प्रश्न. गोरक्षची कळी अशी खुलली! तासभर सांगत होता. मग रोज काहीतरी विचारायची. गोल्टी म्हणजे बारका कांदा वेगळा का काढायचा, मान ओली म्हणजे काय, माळावर पसरला तर वाचेल का. अर्धा माल उकिरड्यावर गेला, उरलेला ती एकेक कांदा हातात घेऊन निवडायला बसली. नखं काळी, अंगाला वास. चांगुणा जाता-येता टोमणे मारायची, काय वं साहेबीण, नाशिक रोडले जाईसन काय सांगशी मायले? ही मान वर न करता म्हणाली, सांगीन की निम्मा सडवला. चांगुणा मागून मला म्हणते, पोरगी हुशार शे वं. चांगुणाच्या तोंडून कुणाचं कौतुक मी लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा ऐकलं.

तर आता भागीबाई. ढाब्यावर ताटागणिक कच्चा कांदा द्यावा लागतो आणि बाजारच्या गोणीत वर चांगला, खाली सडका निघतो, म्हणून त्यांना हाताने निवडलेला हवा होता. गोरक्षने कुठेतरी भाचीचं नाव घेतलं असणार. ओट्यावर बसल्या आणि म्हणाल्या, सोळा रुपये किलो. हर्षाली म्हणाली, अठरा. बाई म्हणाल्या, अगं पोरी, अठराला तर मला तुझा मामाच येईल. ही म्हणाली, मामाचा न निवडलेला आहे. गोरक्ष खांबाला टेकून उभा होता, त्याचं तोंड बघायला तू हवी होतीस! मग हर्षालीने आपणहून सांगितलं, माझा निम्मा खण सडला, माझ्या चुकीने. हा उरलेला आहे. कुठलाही घ्या, कापून बघा.

बाईंनी विळी मागवली आणि पाच कांदे कापले, वरचे नव्हे, गोणीत कोपरापर्यंत हात घालून काढलेले. चार लख्ख निघाले. एकाची मान ओली होती, म्हणजे देठाकडून सडायला लागलेला. मला वाटलं, संपलं. हर्षालीने तो उचलून बाजूला टाकला, त्याच्या जागी दोन घातले आणि म्हणाली, हा माझ्याकडून राहिला. भागीबाई हसल्या. अठराला तयार झाल्या. एक गोणी गाडीत टाकली, नऊशे रुपये हातात दिले आणि कमरेची पिशवी पुन्हा उघडली. बाकीच्या तीन गोण्यांचे सत्तावीसशे आत्ताच घेऊन ठेव म्हणाल्या, म्हणजे माल दुसऱ्या कुणाला द्यायची नाहीस.

ज्योत्स्ना, एवढे पैसे त्या पोरीने आपले म्हणून कधी पाहिलेले नाहीत. तिने नोटांकडे पाहिलं, खूप वेळ पाहिलं. मग म्हणाली, नको मावशी. दोन गोण्या अजून निवडायच्या आहेत, त्यात किती निघेल माहीत नाही. आणि पैसे हातात आले की माझ्याजवळ राहत नाहीत, ते मला माहीत आहे. माल न्याल तेव्हा द्या, मी दुसऱ्या कुणाला देत नाही.

शुभांगी आपल्या सासूकडे बघायला लागली, सासू माझ्याकडे. मी उगाच पदराने चष्मा पुसायला लागले. आपली खोड अशी चारचौघांत ओळखून सांगायला मोठ्या माणसांची जीभ रेटत नाही गं. त्याच आठवड्यात वर्गातल्या एका मुलीचा वाढदिवस झाला. नऊशे रुपये घरात असताना हिने दहा रुपयांचं पेन नेलं. मी विचारलं, बोलली का ती तुझ्याशी? म्हणाली, बोलली की. आणि नसती बोलली तर मला कांदे निवडायचेच होते.

आता जे लिहायला बसले ते. परवा तू फोनवर म्हणालीस, दहावी होईपर्यंत तिथेच राहू दे, इथे आली की पुन्हा तेच करेल. फोन स्पीकरवर होता. तिने ऐकलं. उठून चाळीत जाऊन बसली. तिला घरी यायचंय, ज्योत्स्ना. दिवाळीला किती दिवस उरले ते तिने खणाच्या बांबूवर खडूने लिहून ठेवलंय आणि रोज एक पुसते. ती गेली तर माझं घर ओकंबोकं होईल, तरी सांगते, ने तिला. आणि तुला तुझा श्रावण आठवतो का? लग्नानंतरचा पहिला. तू एकटीच एसटीने आलीस, डोळे सुजलेले, म्हणालीस सहजच आले. जावईबापूंनी महिन्याचा खर्च तुझ्या हातात दिला होता आणि अकरा दिवसांत तू नणंदेला साडी, जावेला डबे, खिडक्यांना पडदे करून मोकळी झाली होतीस. त्यांनी मला आपलं म्हणावं म्हणून, असं म्हणाली होतीस. मी तांब्याचं घंगाळ मोडीत घालून तुला पैसे दिले आणि तुझ्या बाबांना सांगितलं की ते गळत होतं. ते अजून कुणाला माहीत नाही, हर्षालीलाही नाही. दोष तुझा नव्हता. गोरक्षला खण मिळाला तेव्हा तू दाराशी उभी राहून मला विचारलं होतंस, आई, माझा कोणता? तेव्हा सासूपुढे मी गप्प बसले. जिथे बोलायचं तिथे गप्प बसले म्हणून तू एकविसाव्या वर्षी परक्या घरात चुकलीस. ती चौदाव्या वर्षी चुकली, आपल्या माणसांत, आपल्या चाळीत. बरं झालं. म्हणून तू ये. तिला रागवायला नको, बक्षीस द्यायलाही नको. तिच्याजवळ बसून दोन कांदे निवड आणि ते घंगाळाचं तुझ्या तोंडाने तिला सांग. मग माल जाईल, पैसे येतील, ती काय करते ते नुसतं बघ, विचारल्याशिवाय एक शब्द बोलू नकोस. शनिवारी मुक्कामालाच ये, कारण भागीबाई रविवारी सकाळी दहाला येते म्हणून सांगून गेल्यात.

तुझीच,
तोंडात पदर धरून बसलेली
आई