शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारी अक्षरं

सोमवार, तारीख नऊ, दुपारचा चहा झाल्यावर

बापू,

तुला आईचे अनेक आशीर्वाद. ताईकडे सगळी बरी असतील. इकडे आम्हीही बरे. माझे गुडघे कुरकुरतात, पण ते गप्प कधी होते? मागच्या आठवड्यात मोरीतला नळ गळत होता, तो सूनबाईने स्वतः पाना घेऊन आवळला. आता शेजारणी आपापले नळ घेऊन तिच्याच मागे लागल्यात. गॅलरीतल्या कुंडीत कबुतराने अंडी घातली आहेत. मिरचीचं रोप मेलं तरी चालेल, कुंडीला कुणी हात लावायचा नाही, असा तुझ्या लेकीचा, मिठूचा हुकूम आहे.

माझं अक्षर मोठं आणि जाड दिसेल. बारीक पेनातली शाई संपली, म्हणून हे खोक्यांवर नाव टाकायचं पेन घेतलं. कागद जास्त लागले तर लागू देत.

फोन असताना पत्र कशाला, असं म्हणशील. अरे, फोनवर मिठूचं नाव निघालं की तू "बरं, ठेवतो" म्हणतोस. पत्राला "ठेवतो" म्हणता येत नाही. सूनबाई म्हणाली, "मी फोन करून थकले, आता तुम्हीच लिहा. तुमचं पत्र ते फाडणार नाहीत." तेव्हा फाडू नकोस. माझी शाळा किती झाली ते तुला ठाऊक आहे. चार ओळी लिहायला मला अख्खी दुपार लागते.

तर बातमी अशी, की आपल्या मिठूचा अभ्यास पुरा झाला! मी नुसती हरखून गेलेय. शहरात कुठल्या नळाला पाणी जोरात येतं आणि कुठे करंगळीएवढी धार, हे तिने घरोघर फिरून मोजलं. येत्या शनिवारी अकरा वाजता तिला तिच्या कॉलेजच्या हॉलमध्ये सगळ्यांसमोर उभं राहून ते समजावून सांगायचंय. मोठ्या लोकांनी माना डोलावल्या, की पदवी हातात.

त्यासाठी ती ग्राफ काढते. हाताने नाही हं, कॉम्प्युटरकडून. त्याच्या पोटात म्हणे एक लायब्ररी असते. मी विचारलं, "पुस्तकं कुठायत?" तर हसत सुटली. ग्राफ कसा काढायचा ते दुसऱ्या कुणी हुशार माणसांनी आधीच लिहून ठेवलेलं असतं, आपण नुसतं मागायचं, की रेघ काढून मिळते. रेघा झकास. पण अक्षरं! मुंगीच्या पायाएवढी. तिने काय करावं, लॅपटॉप ओट्यावर ठेवला आणि मला पार मागच्या दाराशी स्टुलावर बसवलं.

"आजी, वाच."

"वर काहीतरी पाण्याचं लिहिलंय."

"आणि खाली?"

"खाली मुंग्यांची वरात आहे."

झालं, बाईसाहेब इरेला पेटल्या. चित्रच मोठं केलं की अक्षरंही वाढतील, असं तिला वाटलं. कसलं काय! मोठं चित्र पडद्याच्या चौकटीत बसवायचं म्हणजे पुन्हा आवळावं लागतं, आणि त्याबरोबर अक्षरं आणखी चिरडली. मग एकेका अक्षराच्या मापाचा आकडा वाढवत बसली. वरच्या नावाचा आकडा वेगळा, बाजूच्या अक्षरांचा वेगळा, खालच्या अंकांचा आणखी वेगळा. एकाला वाढवलं की दुसरं रुसतं, आपल्याकडच्या लग्नातल्या मानपानासारखं. शेवटी तिला सापडलं, की सुरुवातीलाच एकदा आकडा लिहून ठेवला तर सगळी अक्षरं मुकाट ऐकतात. मी म्हटलं, "एकदा सांगितलं की सगळे ऐकतात? हे असलं आपल्या घरात बसवून दे बाई."

पण मोठी झाल्यावर अक्षरांना जागा पुरेना. खालचे अंक एकमेकांच्या अंगावर चढले, कुठली रेघ कशाची ते सांगणाऱ्या कोपऱ्यातल्या चौकटीने तर रेघच झाकली. मग तिने एक सोडून एक अंक काढला, चौकट उडवली आणि रेघेच्या टोकालाच लिहिलं, "सकाळ", "संध्याकाळ". मी स्टुलावरून घडाघडा वाचून दाखवलं. मला वाटलं, सुटले.

तर म्हणते, "आता चष्मा काढ आणि वाच."

"अगं, चष्मा काढून कोण वाचतं?"

"काढ ना, आजी."

काढला. सगळं धुरकट. ती पुन्हा आकडा वाढवायला बसली. मी विचारलं, "मिठे, कुणाचे डोळे बसवतेयस माझ्या तोंडावर?" तर उठलीच. भरलेला माठ पुन्हा भरायला गेली.

बापू, त्या दिवसाबद्दल लिहायचं नाही असं ठरवून बसले होते. पण लिहिते. तुला समोरच्या गाडीची पाटी दिसत नाही, चष्म्यानेही भागत नाही, हे तिने डेपोच्या डॉक्टरांना जाऊन सांगितलं. तुझ्या हातातलं स्टिअरिंग गेलं. "घरातल्यानेच घात केला" म्हणालास आणि बॅग उचलून ताईकडे गेलास. तुझा राग खोटा आहे असं मी म्हणणार नाही. ज्या हातांनी जन्मभर भरलेली बस वळवली ते मोकळे झाले, की जीव जळणारच. पण पोरगी काही नाचत नव्हती गेली डॉक्टरांकडे. बसमध्ये माणसं होती, आणि सगळ्यांच्या पुढे तू होतास. त्या दिवशी घरी येऊन ती मोरीत ओकली. हे तुला कुणी सांगितलं नसेल.

काल तिच्या मॅडमचा फोन आला. फोन स्पीकरवर होता आणि मी भाजी निवडत होते, कान काय मिटून घेऊ? मॅडम म्हणाल्या, "अक्षरं केवढी केलीस! बालवाडीचा तक्ता वाटतोय. सगळे करतात तेवढी कर."

"मॅडम, शेवटच्या रांगेतून वाचता यायला हवं."

"शेवटच्या रांगेत कोण बसतं गं? उशिरा येणारे!"

"माझे बाबा बसतील. ते कधी पुढे बसत नाहीत."

मॅडम म्हणाल्या, "मग राहू दे. आणखी वाढव हवं तर."

तू येणार असं तिला कुणी सांगितलं? कुणीही नाही. तुला बोलवायची तिची छातीही झाली नाही. नुसती अक्षरं वाढवत बसलीय. आणि खरं सांगते, बारीक पेनात शाई आहे. तिचं बघून मीही हे जाड पेन काढलं. आपल्या आईचं पत्र तुला जावयबापूंकडून वाचून घ्यावं लागू नये.

तेव्हा शनिवारी ये. हॉलला मागून दार आहे, कुणाच्या नजरेत न येता बसता येतं. तिच्याशी बोल असं मी म्हणत नाही. राग तसाच बरोबर आण, इथे त्याला कुणी अडवणार नाही. फक्त बस, आणि वाच. वाचता आलं नाही तर तसं तोंडावर सांग तिला. ती पुन्हा आकडा वाढवेल, आपली कार्टी दमणारी नाही. आणि वाचता आलं, तर तेही सांग. एवढ्या महिन्यांत तुझ्या तोंडून तिला एक शब्द मिळालेला नाही रे. "दिसतं" एवढा एकच पुरेल.

सूनबाई पुढे बसणार आहे, लेकीला धीर म्हणून. मी मात्र मागेच.

शेजारच्या खुर्चीवर पिशवी ठेवून, कुणालाही बसू न देणारी,
तुझी आई