आईची शेवंती

प्रिय ताईस,

आईच्या शेवंतीच्या फुलापायी माझी तीन वर्षं गेली, पाठीत उसण भरली आणि दुकानाची पाटी विझली.

तुझं रोप वाळलं, तेव्हा आईची खूण म्हणून माझ्या गच्चीवरची कुंडी तेवढी उरली. तीही दर शरदात नुसती पानं दाखवायची. परवा फुलं आली, तसा तुला फोन करून म्हणालो, "हाताला गुण असावा लागतो." तू म्हणालीस, "आईचा हात तुझ्याकडे आला रे बाबा," आणि तुझा आवाज भरून आला. म्हणून काल खरं कळल्यावरही तुला सांगायला माझी जीभ रेटेना.

रस्त्यातली सगळ्यात झगझगीत पाटी म्हणून मी जिची शेखी मिरवायचो, ती गच्चीच्या कठड्यावरून रात्रभर त्या कुंडीवर उजेड ओतायची. काल खत द्यायला आलेला माळी हसला. "शेठ, लांबलचक अंधार मिळाला तरच शेवंती कळी धरते. तुम्ही तिला झोपूच दिलं नाहीत. यंदा काय केलंत?"

यंदा मी काहीच केलं नव्हतं. पाटी जळाली, आणि वायरमन दोन महिने "उद्या नक्की" म्हणत राहिला. मी त्याला रोज शिव्या घातल्या.

त्याच रोपाचा फुटवा तुझ्यासाठी वेगळ्या कुंडीत लावलाय. रविवारी तू येतेच आहेस, म्हणून हे पत्र पोस्टात टाकत नाही. कुंडी हातात देताना सांगेन, धीर झाला तर.

तुझा धाकटा

ता. क. आईचा हात माझ्याकडे आलेला नाही. वायरमन आला नाही, एवढंच.