पितळी कोंबड्याची पहिली चावी

माझ्या धाकट्या बहिणीला, मालनला सातपूरहून चतुराक्काची पोटभर माया.

पहिला आला तो थोरला पंच झुंबरअप्पा, लंगडत. मागून आणखी दोघं पंच. जादूची घड्याळं करणाऱ्यांच्या मंडळाचे गं! माझ्या नातीनं, रंजूनं पितळेचा कोंबडा केलाय, सकाळपाळीच्या कामगारांना उठवायला. तो पसंत पडला तर ती मंडळात. नाय पडला तर कोंबडा हातोडीनं फोडायचा आणि पोरीनं पुन्हा हत्यार धरायचं नाय.

पहिली चावी घरातल्या थोरल्या माणसानं द्यायची, तोंड मिटून. आता माझं तोंड तुला ठाऊक हाय. चावी देता देता तुझ्या दुखऱ्या गुडघ्याची आठवण आली नि बोलून गेले, "गुडघ्याला बरं हाय का?"

झालं! पहिल्या चावीचं बोलणं जन्माचं चिकटतं म्हणे. पंचांसमोर कोंबडा आरवलाच नाय. माझ्याच आवाजात विचारतो, "गुडघ्याला बरं हाय का?"

रंजू पांढरीफटक पडली. अप्पानं हातोडी उगारली. कोंबड्यानं त्याच्याकडं मान वळवून पुन्हा तेच विचारलं. अप्पा मटकन बसला, पाय लांब केला नि म्हणाला, "नाय रे बाबा. घरात कुणी विचारत बी नाय."

मला लय हसू आलं, पण पोरगी तेव्हापासून धड जेवत नाय. तुझ्या गुडघ्याला खरंच बरं हाय ना? कांदा निघाला का?

निकाल न सांगताच अप्पा उठला. हातोडी इथंच राहिलीय, ती मी डाळीच्या डब्यात दडवलीय. गुरुवारी सगळे पंच घेऊन येतो, निकाल तेव्हाच, म्हणालाय.

तुझी चतुराक्का