पहिला खण

प्रिय भिंगरी,

तू पाठवलेला चष्मा मिळाला. काड्या जरा घट्ट आहेत, पण चार दिवसांत सैल होतील. स्वयंपाकघरातला नळ गळत होता, त्याला मीच नवा वायसर बसवला. जेवणखाण वेळेवर होतं. हे सगळं फोनवर सांगून झालं आहे, तरी पत्र कुठून सुरू करायचं ते सुचत नाही म्हणून पुन्हा लिहितो. शाळेच्या प्रयोगशाळेत एकतीस वर्षं मी फक्त मागणीपत्रं लिहिली. परीक्षानळ्या बारा, चंचुपात्रं सहा. दुसरं काही लिहिण्याचा हाताला सराव नाही.

मागच्या आठवड्यात तू म्हणालीस की आईचा कॉम्प्युटर कुणाला तरी देऊन टाका, आणि त्याआधी आमचं ते खेळातलं जग पुसून टाका. मी बरं म्हटलं. ते काम अजून झालेलं नाही. विसरलो म्हणून नाही. पुसायला बसलो होतो, पण त्याआधी तुला एक गोष्ट सांगायची राहिली आहे, आणि ती सांगितल्याशिवाय ते बटण दाबणं मला जमेना.

आईचं दिवसकार्य आटोपून तू इथून निघालीस त्या सकाळी टॅक्सीत बॅग ठेवताना म्हणालीस, "बाबा, शेवटी आईला माझ्याबरोबर खेळायचाही कंटाळा आला होता. तिनंच सांगितलं मला." मी डिकी लावली आणि पाण्याची बाटली घेतलीस का, एवढंच विचारलं. टॅक्सी कोपऱ्यावर वळली तरी माझा हात तसाच वर होता. तुला निरोप देत होतो की थांबवत होतो, मलाच कळलं नाही.

तू नोकरीसाठी इतक्या लांब जायला निघालीस तेव्हा आईला तो खेळ शिकवलास, ते आठवतं ना? बारा पानांची वही लिहून दिली होतीस. उजवं बटण म्हणजे काय, डावं म्हणजे काय, पेटी कशी उघडायची, अंधार पडला की कुठे लपायचं. आधी तू तिला तो मोड लावून दिलास ज्यात सगळं फुकट मिळतं, मार लागत नाही, उडताही येतं. पहिल्याच दिवशी ती उडाली आणि खाली कसं यायचं ते कळेना, तर टेबलाची कड घट्ट धरून बसली. मला हाक मारून म्हणाली, "अहो, मला उतरवा आधी." तू फोनवर इतकी हसलीस की आवाज फाटला. चारच दिवसांत तिला त्याचा वीट आला. सगळं आयतंच मिळायचं तर करायचं काय, असं तिचं म्हणणं. मग तू ते जग सोडून दुसऱ्या मोडचं नवं जग सुरू करून दिलंस. तेव्हापासून तिची नावं ठरली, एक आयता मोड आणि एक कष्टाचा मोड. कष्टाच्या मोडमध्ये झाड तोडलं तरच लाकूड, खणलं तरच दगड, आणि मेलं की अंगावरचं सगळं गेलं. पहिल्या अंधारात ती जमिनीत खड्डा करून आत बसून राहिली आणि मला म्हणाली, आता उजाडेपर्यंत कुणी हलायचं नाही. मी भाजी चिरत होतो, तोही थांबलो.

दर रविवारी दहा ते बारा. फोन स्पीकरवर, तू तिकडून, ती इकडून. कड्यावरचं तिचं घर, खाली तुझा बोगदा. दोघींनी ठरवलं होतं की मोड कुणीच बदलायचा नाही. काही मोठं केलं की पडद्याच्या कोपऱ्यात बिल्ला यायचा, त्याची तुमची चुरस. आईचे बिल्ले अकरा झाले तेव्हा तिनं दुकानातून केक आणून पेढ्यांसारखे वाटले होते, शिवायला कपडे घेऊन येणाऱ्या बायकांनाही दिले. कशाबद्दल, ते त्यांना कळलं नाही.

मग तिचा आजार निघाला. तुला का सांगितलं नाही ते मी तुला एकदा सांगितलं आहे, पण तेव्हा तू ऐकण्याच्या स्थितीत नव्हतीस. तुझी नोकरी सहा महिन्यांनी पक्की व्हायची होती. आईचं म्हणणं, ती सगळं टाकून धावत येईल, मग पुन्हा पहिल्यापासून. पक्की झाल्याचा फोन येऊ दे, त्याच फोनवर सांगू. मी मान हलवली. त्या मान हलवण्याबद्दल तू मला जे बोललीस ते बरोबर आहे.

तुला माहीत नाही ते पुढचं आहे. औषधांनी तिच्या बोटांची जाणीव गेली. आधी सुईत दोरा जाईना. मग शिलाईची कामं परत करावी लागली. मग बटण दाबलं की नाही तेच तिला कळेना. खेळात ती कड्यावरून पडायची, अंधारात येणाऱ्या भुतांच्या हाती सापडायची, प्रत्येक वेळी जवळचं सगळं जायचं. रविवारी तू म्हणायचीस, "आई, आज झोपेत आहेस का?" तीही हसायची. फोन ठेवला की हात मांडीवर घेऊन बसून राहायची. तिच्या पेटीत एक दिवस दोन मशाली आणि एक पाव उरला होता. मी मागे उभा राहून पाहिलं.

दुपारी औषध घेतलं की ती दोन तास झोपायची. मी शाळेतून लवकर येत होतो. तुझ्या वहीचं सातवं पान उघडलं. मोड बदलायची आज्ञा तिथे तू स्वच्छ अक्षरात लिहिली आहेस, आणि खाली लाल शाईनं, 'आई, हे पान फक्त फारच अडलं तर.' मला वाटलं, अडलंच आहे. आज्ञा टाइप केली तर पडद्यावर एक चौकोन आला. या जगात यापुढे बिल्ले मिळणार नाहीत, चालेल का, अशा अर्थाचं काहीतरी होतं. असल्या चौकोनांना मी नेहमीच हो म्हणतो. तेव्हाही म्हटलं.

त्यानंतर रोज दुपारी मी तेच करत होतो. आयता मोड लावायचा, तिच्या पेटीत कोळसा, लाकूड, लोखंड, पाव भरायचे, आणि पुन्हा कष्टाचा मोड लावून उठायचं. प्रयोगशाळेतली बाटली वापरून झाली की जागेवर ठेवतो, तितक्याच काळजीनं मी मोड जागेवर ठेवत होतो. ती उठायची, पेटी उघडायची आणि म्हणायची, "बघा, एवढं होतं माझ्याकडे, मी विसरलेच." मला वाटायचं, तिला खरंच तसं वाटतं आहे. बाहेर, तिच्या खऱ्या दुखण्यात, मला काहीच करता येत नव्हतं. रांगेत उभा राहायचो आणि रिपोर्टची पाकिटं सांभाळायचो. तिथे मात्र दोन ओळी टाइप केल्या की तिची पेटी भरायची. खोटं कशाला सांगू, मला त्या दुपारच्या वेळेची ओढ लागली होती.

तीन रविवार खणून तुला हिरे सापडले आणि बिल्ला आला नाही. तो रविवार तुला माझ्याइतकाच आठवत असेल. तू शोधून काढलंस की मोड बदलला गेला आहे. स्पीकरवर तुझा आवाज स्वयंपाकघरापर्यंत येत होता. "मी इथे तीन आठवडे खणते आहे आणि तू आयतं घेत होतीस? खरं सांग, आई." माझ्या हातात बटाटा होता, अर्धा सोललेला. मी बाहेर यायला हवं होतं, पण मी तो सोलत राहिलो. मग आई म्हणाली, "हो गं. कंटाळा आला होता मला." तू म्हणालीस, "मग खेळायचंच कशाला?" आणि फोन बंद झाला.

मोड मी बदलला होता, भिंगरी. तिनं एकदाही बदलला नाही. कंटाळा तिला कधीच आला नव्हता, ना खेळाचा, ना तुझा.

मी बाहेर आलो तेव्हा ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "आता त्या पेटीत काही ठेवू नका. आहे ते पुरे." "तुला कसं कळलं?" असं मी तिला विचारलं. ती म्हणाली, "या घरात पहिला खण मोकळा कोण ठेवतं?" शाळेच्या प्रयोगशाळेत मी प्रत्येक फळीवर पहिली जागा रिकामी ठेवतो, बाहेर गेलेली बाटली परत आली की तिला जागा असावी म्हणून. घरातही डब्यांची मांडणी माझी अशीच, त्यावरून तुम्ही दोघी मला कायम हसत आलात. तिच्या पेटीत पहिला खण सोडूनच मी सगळं मांडत होतो. माझ्या ध्यानातही आलं नव्हतं. म्हणजे तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. मी तिला म्हटलं, "तू माझं नाव का घेतलं नाहीस?" तर म्हणाली, "तुम्ही का भरत होतात, ते तिनं पुढे विचारलंच असतं. मग सगळंच सांगावं लागलं असतं." तेही खरं होतं. आणि मी त्या खऱ्याच्या आड पुन्हा गप्प बसलो.

नंतर तुझे फोन बुधवारी यायचे, पाच मिनिटांचे. रविवारी तू खेळायला आली नाहीस. असे सात रविवार गेले. हे तुला दुखवायला लिहीत नाही. तुला काहीच ठाऊक नव्हतं, त्यामुळे तुझ्याकडे दोष येत नाही, तो सगळा आमच्याकडे. ती मात्र दर रविवारी दहाला खेळात जाऊन तुझ्या बोगद्याच्या तोंडाशी मशाल लावून उभी राहायची. बाराला कॉम्प्युटर बंद करायची. मी म्हटलं, सांगून टाक आता. ती म्हणाली, "भिंगरी आहे ती, फिरून येईल." तुझ्यावर रागावलेली मी तिला पाहिली नाही.

आणि इतर दिवशी दुपारी ती झोपेनाशी झाली. शिवणाच्या डब्यातली दोन अंगुस्तानं, सुई टोचू नये म्हणून बोटांत घालतात ती, तिनं दोन्ही हातांच्या बोटांत घातली. बोटांना कळत नसलं तरी बटणावर टक असा आवाज झाला की दाबलं गेलं हे कानाला कळायचं. स्वयंपाकघरात मला तेच ऐकू यायचं. टक, टक, मग बराच वेळ काही नाही, मग तिचं "गेलं सगळं", आणि पुन्हा टक. काय चाललं आहे ते मी विचारलं नाही. मला वाटलं, वेळ घालवते आहे. शेवटी दवाखान्यात न्यायला गाडी आली तेव्हाही ती म्हणाली, कॉम्प्युटर नीट बंद करा, तसाच प्लग ओढू नका. डॉक्टरांनी दोन-तीन महिने धरले होते. ती पाचव्या दिवशी गेली. तुझ्या सहा महिन्यांना तेव्हा सव्वीस दिवस बाकी होते.

काल पुसण्यासाठी मी ते जग उघडलं. मोड कष्टाचाच होता. खेळातला तिचा माणूस पेटीसमोर उभा होता. मी पेटी उघडली. मी मांडलेलं सगळं जसंच्या तसं होतं, लोखंड चौसष्टच्या चौसष्ट, कोळसा, पाव, कशालाही तिनं हात लावला नव्हता. पण पहिला खण मोकळा नव्हता. त्यात हिऱ्याची एक कुदळ आहे. त्यावर बाण नेला की तिनं कोरलेलं नाव दिसतं. नाव कोरायला ऐरण लागते आणि ऐरणीला एकतीस तुकडे लोखंड, हे तुझ्याच वहीच्या नवव्या पानावर आहे. ते लोखंड आणि ते हिरे तिनं त्या टक-टकीच्या दुपारी स्वतः खणून आणले, ते मला आता कळलं. नाव असं आहे: 'भिंगरीला. आयतं नाही.' एवढं सांगण्यासाठी हे पत्र. त्या जगात आता बिल्ला कधीच मिळणार नाही, ती चूक माझी, आणि ती दुरुस्त होत नाही. पुसायचं की ठेवायचं ते तू ठरव. फक्त त्याआधी एकदा त्या जगात ये. येत्या रविवारी दहाला मी कॉम्प्युटर सुरू करीन आणि स्वयंपाकघरात जाऊन बसेन. पेटी कुठे आहे ते तुला माहीत आहे. मी ती कुदळ जागेवरून हलवलेली नाही.

तुझेच,
बाबा